पाचवा नट

दोन्या फेलिसाच्या दुकानात त्याचं नाव
कुणी मोठ्यानं घेत नाही.
‘लूस माला’, ओठातल्या ओठात. वाईट उजेड.
कडवट माटेचा भोपळा या हातातून त्या हातात फिरतो
आणि कुणीतरी खुर्ची दारापासून थोडी आत ओढतो.
म्हणतात, पांढरा असेल तर खाली हाडं असतात,
तांबडा असेल तर खणू नये, विचारूही नये.
दिसला की सुरीचं म्यान दातांत धरायचं,
चामड्याची चव उतरेस्तोवर चावायचं,
मागं वळून बघायचं नाही.

सोयही होती त्याची.
होनोरियो तीन रात्रींनी घरी उगवला
तेव्हा उजेडानंच त्याला काल्देनच्या झाडीत चकवलं होतं.
असेल बाई, बायको म्हणाली,
पण उजेडाला लव्हेंडरचा वास कधीपासून यायला लागला?

मी दूध गोळा करतो.
पहाटे तीनला निघायचं, एकोणीस गोठे, छप्पन्न कॅन,
आणि मधे तिसऱ्या फाटकापासून पवनचक्कीपर्यंत
अकरा किलोमीटर नुसती माती,
इतकी सरळ की माणूस स्टिअरिंग विसरून जातो.
वडीलही याच रस्त्यानं दूध न्यायचे.
त्यांना दिसला होता. दोनदा.
विचारलं तर म्हणायचे, दिसला. त्याचं काय?

ऑगस्टमधली गोष्ट, संत बार्तोलोमेची रात्र.
हिवानं गवत काचेसारखं झालेलं
आणि मागचं डावं चाक बसलं.
चार नट टोपीत ठेवले. पाचवा
गारठल्या बोटांतून निसटला,
एकदाच खणकला, आणि गेला.
तासभर शोधला मी त्याला.
टॉर्च जमिनीलगत, डावीकडे, उजवीकडे,
थांबायचं, वाकायचं, पुन्हा पुढं.
एक टिटवी डोक्यावर ओरडत राहिली.
तारेपलीकडे कुणाचा तरी घोडा
अचानक फिरला आणि चौखूर सुटला.
मी मान वर केली नाही.
चार नटांवर गाडी घरी आणली.

दुसऱ्या दिवशी दुकानात सातुर्निनो पांढराफटक.
गुडघाभर उंचीवर होता, म्हणाला,
हाडं हुंगत चालला होता, आईशप्पथ,
मधेच थांबायचा आणि शिव्या द्यायचा.
त्याच्या म्यानावर दातांचे ताजे वण.
तिघांनी बोट फिरवून पाहिले.

शिव्या माझ्याच होत्या.
पण एवढं भ्यालेल्या माणसाला
चाकाचा नट कसा सांगायचा?
मी ताकास तूर लागू दिली नाही.
भोपळा माझ्याकडे आला, ओढला, जीभ भाजली.

तेव्हापासून वडिलांचे ते दोन उजेड
मला नीट झोपू देत नाहीत.
कुणाचं काय पडलं होतं तिथं?
कानातलं, किल्ली, की नुकतंच जन्मलेलं कोकरू,
आणि शोधणाऱ्यानं नंतर,
दुकानात, सगळ्यांमधे बसून,
काय गिळलं असेल?

आता तो परत दिसतो, त्याच जागी.
शाळेच्या बाईंनी पाहिला, सायकल टाकून पळाल्या.
त्या रात्री मी घरी तापानं फणफणत होतो.
गुडघाभर उंच, म्हणाल्या. डावीकडे. उजवीकडे.

गेल्या मंगळवारी मलाही भेटला.
गाडी थांबवली, दिवे मालवले.
सुरी काही जवळ नव्हती.
पांढरा होता, जरासा पिवळट,
माझ्या टॉर्चचे सेल उतरत आले होते तेव्हा, तसा.
काच खाली केली. थंडी आत येऊन बसली.
राहू दे रे, मी ओरडलो,
मी नवा घेतलाय!
तो थांबला, ऐकल्यासारखा,
आणि पुन्हा वाकला.